मोड

ओडे मावशीचा डाग बटाट्यांखाली होता.
तळघरात, भिंतीकडच्या खोक्यात,
लोकरी मोज्यात कोंबलेला.
एकोणपन्नास साली, गाड्या आल्या त्या रात्री,
तिच्या आईने तो तिथे दडवला.
पुढे देश बदलला, दाराला कुलूप आलं, बँक आली,
बटाटे दरवर्षी नवे आले.
जागा तीच.

माझ्या हाताला आधी मोड लागले,
बोटभर लांब, पांढुरके,
उजेड कुठे असेल या अंदाजाने वाकडे झालेले,
मग चांदी.

पालथ्या ताटाएवढा घुमट, छातीवर लावायचा.
त्याला साखळ्या, साखळ्यांना झारची नाणी.
घडवला पेत्सेरीच्या कारागिराने.
ते गाव आता तारेच्या कुंपणापलीकडे,
तिकडे जायला व्हिसा लागतो.
आम्हा सेतू लोकांत म्हणतात,
बाई दिसायच्या आधी ऐकू यावी.

व्होरूच्या उर्मासने काट्यावर ठेवला.
मोडीत घातलात तर इतके, म्हणाला.
आहे तसा दिलात तर याहून जास्त,
पण गिऱ्हाईक मिळेपर्यंत थांबावं लागेल.
हेल्मी म्हणाली, वितळवून चमचे करू,
सहा तुला, सहा मला,
निदान रोज हातात तरी येतील.
तिला दोन्ही मुलगेच, तेही फिनलंडमध्ये.
वाईट मनाने नाही म्हणाली ती.
ही चांदी आधी रूबल होतीच ना,
तेव्हा कुणी रडलं होतं का?

मी नुसती मान हलवली.
हो म्हणून, की नाही म्हणून,
उर्मासने विचारलं नाही.

आमची रीत अशी:
लग्न झालं की घालायचा,
पाळणा हलायचा थांबला की उतरवायचा,
पुढच्या बाईला द्यायचा.
ओडे मावशीने लग्न केलं नाही.
म्हणजे हिशेबाने साठ वर्षं तो तिच्या घरात होता
आणि एकदाही तिच्या अंगावर नव्हता.

उर्मासने तो उलटा केला, भिंग लावलं,
शिक्का शोधत होता.
टाचणीच्या बिजागरीत एक धागा अडकला होता,
निळा, गोळे आलेला.
तो स्वेटर मी ओळखते.
मीच आणला होता टार्टूहून,
माझ्या घटस्फोटाच्या वर्षी,
सेलमध्ये, एक माप मोठा.

मग मयताच्या दिवशीचं आठवलं.
शेजारची वेरा सूप वाढताना म्हणाली होती,
तुमच्या मावशीच्या कुत्र्याची साखळी
रात्री फार वाजायची हो, हिवाळ्यात तर फारच.
मी तेव्हा हो म्हटलं.
कुत्रा जाऊन अकरा वर्षं झाली होती.

हेल्मीने धाग्याकडे पाहिलं.
नखाने काढायला गेली, आणि थांबली.
"इतकं जड," म्हणाली,
"त्या ठेंगण्या बाईने…"
पुढे काही बोलली नाही.
उर्मासने काटा शून्यावर आणला
आणि पाणी पिऊन येतो म्हणून आत गेला.

ठरलं काहीच नाही.
गाडीत मी तो लावला, अनोरकवरच,
मोजा पुन्हा फाटेल म्हणून, असं सांगून.
पन्नाशीची, मूल नाही, नवरा होता:
रीतीच्या कुठल्याच रकान्यात मी बसत नाही.
पट्टाही बसेना.
घुमटावरून घसरून गळ्याशी येई,
खालून घ्यावा तर कुलपापर्यंत पुरेना.
गाडी ओरडायला लागली, टिंग, टिंग, टिंग,
आणि खड्ड्यागणिक झारची नाणी.

काढ तो, दंड होईल, हेल्मी म्हणाली.
होऊ दे.
अर्धा तू भर, मी म्हटलं,
वाटणी बरोबर व्हायला हवी.
ती हसली, मग डोळे पुसले,
मग पुन्हा दुसऱ्या गिअरमध्ये अडकली.

मागे डिकीत बटाटे आहेत.
इतके मोड आलेले कुणी खात नाही,
हेल्मी फेकायला निघाली होती.
मेमध्ये लावू म्हटलं.
कुठे, ते अजून
बोललो नाही.